ती फाइल वापरात आहे

ही गोष्ट मित्राच्या मित्राची नाही. माझ्या सख्ख्या मावसभावाची आहे.

शेखरची.

शहापूरला त्याचं कॉम्प्युटर दुरुस्तीचं छोटं दुकान आहे. माणूस हिशेबी डोक्याचा. मशीन बिघडलं म्हणजे त्याला कारण असणारच, आणि कारण शोधलं की सापडणारच, हा त्याचा धर्म.

आता तसं म्हणत नाही तो.

त्यानं मला हे सांगितलं तेव्हा तीनदा उठून दुकानाचं शटर बघून आला. खाली आहे का, पूर्ण खाली आहे का. मी हसलो नाही. तुम्हीही त्याचा चेहरा बघितला असता तर हसला नसतात.

गेल्या वर्षी दिवाळी होऊन गेली होती. भाताची झोडणी उरकली होती आणि गवताचा हंगाम लागला होता. आमच्या मुरबाड-शहापूरकडं डोंगरउतारावरचं गवत कापून, गाठी बांधून, ट्रक भरभरून मुंबईकडच्या तबेल्यांना जातं. सरळगाव सोडून किन्हवलीकडं निघालं की एका फाट्यावर वजनकाटा आहे. जमिनीत बसवलेला लोखंडी प्लॅटफॉर्म, बाजूला एक केबिन, वर लाल आकड्यांचा बोर्ड. ट्रक चढतो, बोर्डावर वजन येतं, ट्रक उतरतो. एवढंच काम.

तिथं सुनिल बसायचा. शेखरचा शाळेपासूनचा दोस्त. दोघं खर्डीच्या एकाच शाळेतले, एका बाकावरचे. काट्याच्या शेठला सांगून सुनिलला ही नोकरी शेखरनंच लावून दिली होती.

एका दुपारी सुनिलचा फोन आला.

"अरे, प्रोग्राम उघडत नाय. कुठली तरी फाइल सापडत नाय म्हणतो. गाड्या उभ्यात बाहेर. ये लवकर."

शेखर बाइकवर गेला. बघितलं, तर किरकोळ काम.

इथं थोडं सांगावं लागेल, नाहीतर पुढचं कळणार नाही. काट्याचा तो प्रोग्राम फार जुना. ज्या भाषेत लिहिला ती भाषा आता कोणी शिकतही नाही. अशा भाषेतला प्रोग्राम एकट्याच्या बळावर चालत नाही. त्याला मशीनमध्ये आधीपासून ठेवलेल्या काही सामाईक फाइली लागतात. रनटाइमच्या फाइली. गावाच्या पाणवठ्यासारखं असतं ते. पाणवठा एकच, ज्या घराला पाणी लागेल त्यानं घागर घेऊन यावं. तसा जो प्रोग्राम उठेल तो त्या फाइलींचा आधार घेतो, काम करतो, बंद होताना सोडून देतो.

त्यातलीच एक फाइल जागेवर नव्हती.

शेखरनं पेनड्राइव्हवरून टाकली. प्रोग्राम उघडला. बोर्डावर शून्य आलं. चहा पिऊन तो परत निघाला.

आठवडा गेला नसेल...

पुन्हा फोन. पुन्हा तेच. फाइल सापडत नाही.

या वेळी शेखर चमकला. अँटीव्हायरस बघितला. त्यानं हात लावला नव्हता. डिस्क तपासली, ठणठणीत. मग सहज म्हणून त्यानं रिसायकल बिन उघडला.

फाइल तिथं पडली होती.

म्हणजे आपोआप गेली नव्हती. कोणीतरी फोल्डर उघडून, हातानं काढून टाकली होती.

"केबिनमध्ये कोण कोण येतं रे?" शेखरनं विचारलं.

"कोण येणार? मीच असतो."

"मग तू काढलीस?"

"मला काय कळतं त्यातलं?" सुनिल म्हणाला. पण तो शेखरकडं बघत नव्हता. खिडकीतून बाहेर, रिकाम्या प्लॅटफॉर्मकडं बघत होता.

शेखरनं फाइल परत जागेवर ठेवली आणि बाहेर आला. फाट्यावर जनाबाईची चहाची टपरी आहे. तिनं चहा दिला आणि विचारलं, "मशीनवाले ना तुमी? पोलिसांनी पाठवला का?"

शेखरचा हात थांबला.

"पोलीस कशाला?"

"म्हंजे सुनिलनं सांगला नाय तुमाला?"

आणि मग जनाबाईनं सांगितलं.

सिद्धगडाच्या पायथ्याला गवत कापायला एक टोळी आली होती. उंबरमाळीच्या वरच्या वाडीतली ठाकर माणसं. त्यात बारकी नावाची बाई होती. तिशीच्या आतली. घरी मूल आजारी असल्याचा निरोप आला, म्हणून ती मुकादमाला सांगून निघाली. गवताचा ट्रक शहापूरला जाणार होता. जगन ड्रायव्हरचा. ती मागं गवतावर चढून बसली. शहापूर, तिथून आसनगाव स्टेशन, तिथून गाडी पकडून घर.

घरी ती पोचलीच नाही.

जगन म्हणाला, "ती काट्यावर उतरली. मी आरशात बघितली. पाणी प्यायचं होतं तिला."

सुनिल म्हणाला, "इथं कोणीच उतरला नाय."

दोघांपैकी एक खोटं बोलत होता. पोलीस दोघांनाही दोनदा घेऊन गेले, दोनदा सोडलं. तिसरा माणूस बघणारा नव्हता. जनाबाईची टपरी त्या दिवशी बंद होती, ती पुतणीच्या हळदीला गेली होती.

"मी असती तर बघितला असता," ती म्हणाली. "माझं नशीब नि तिचं नशीब."

शेखरला राग आला. पोलिसांचा, जगनचा, आणि आपल्यापासून लपवलं म्हणून सुनिलचाही. पण संशय बसला तो जगनवर. त्याला सरळ वाटलं, हा ड्रायव्हरच येऊन काहीतरी करत असणार. त्या दिवसाची काही नोंद असेल या भीतीनं मशीन बिघडवत असणार.

म्हणून पुढच्या खेपेला तो नुसता दुरुस्त करून गेला नाही. फाइल जागेवर टाकली आणि केबिनमध्येच ठाण मांडून बसला. सकाळपासून.

दुपारी जगनचा ट्रक आला. गवतानं ड्रायव्हरच्या टपाच्याही वर गेलेला.

जगन खाली उतरला नाही. एरवी ड्रायव्हर उतरतात, पाय मोकळे करतात, केबिनमधल्या माठातलं पाणी पितात. हा स्टेअरिंग धरून बसला होता. आणि एकसारखा बाजूच्या आरशात बघत होता. मागं. वर.

वजन झालं. सुनिलनं खिडकीतून हात दाखवला. ट्रक प्लॅटफॉर्मवरून उतरून रस्त्याला लागला, वळणापलीकडं गेला.

प्लॅटफॉर्म रिकामा झाला.

शेखर सहज बोर्डाकडं बघत होता. आता शून्य येईल म्हणून...

शून्य आलं नाही.

बोर्डावर आकडा होता. साठ.

साठ किलो.

"हे काय?" शेखर म्हणाला.

सुनिलनं खिडकीकडं पाठ केली.

शेखर बाहेर गेला. प्लॅटफॉर्मवर दगड नाही, गवताची पेंढी नाही. वाकून खाली बघितलं. चिखल अडकलेला नाही, घूस-उंदीर नाही. त्यानं स्वतः वर पाय ठेवला. आकडा वाढला. उतरला, पुन्हा साठ. काटा बरोबर काम करत होता. जे होतं ते मोजत होता.

तो आत आला. प्रोग्राम बंद केला. काट्याचं वजन दाखवणाऱ्या मूळ डब्यावरचे आकडे केव्हाचे जळाले होते, त्यामुळं वजन दिसायचं ते फक्त प्रोग्राममधून. प्रोग्राम बंद म्हणजे बोर्ड काळा.

बोर्ड काळा झाला नाही.

साठ.

शेखरला अजूनही वाटत होतं, कारण सापडेल. त्यानं ठरवलं, ती रनटाइमची फाइलच काढावी आणि नवी टाकावी. फाइलवर गेला, डिलीट दाबलं.

पडद्यावर चौकट आली.

ही फाइल दुसऱ्या प्रोग्राममध्ये वापरात आहे. काढता येणार नाही.

त्यानं चालू असलेले सगळे प्रोग्राम बघितले. एकही उघडा नव्हता. मागं लपून चालणारं काही आहे का, तेही बघितलं. त्या फाइलचा आधार घेईल असं काहीच नव्हतं. मशीन बंद करून चालू केलं. एकही प्रोग्राम सुरू केला नाही. थेट फाइलवर गेला.

वापरात आहे.

"कोण वापरतंय?" शेखर स्वतःशीच बोलला.

आणि त्याच वेळी बाहेर आवाज झाला...

ठण्ण.

लोखंडी प्लॅटफॉर्मवरून माणूस उतरताना कडेची पाटी वाजते, तसा. हलका. केबिनच्या बाजूच्या कडेला.

बोर्डावर शून्य आलं.

शेखर खिडकीशी गेला. बाहेर ऊन. रस्ता मोकळा. जनाबाई टपरीत पाठमोरी भांडी घासत होती. दुसरं कोणी नाही.

मागं वळून बघतो तर सुनिलनं दाराला कडी घातली होती. आतून. भर दुपारी, पत्र्याच्या केबिनमध्ये, पंखा नसताना.

"कडी कशाला?"

"वारा येतो," सुनिल म्हणाला.

वारा नव्हता.

दोघं तसेच बसले. दारापलीकडं काही वाजलं नाही, काही हललं नाही. पण शेखर म्हणतो, माणूस दारात येऊन उभा राहिला आणि त्यानं हाक मारली नाही, तरी आतल्याला कळतं ना, तसं वाटत होतं. दाराच्या फटीतून जमिनीवर उन्हाची रेघ पडते. ती रेघ मध्येच तुटली होती.

केबिनच्या कोपऱ्यात पाण्याचा माठ होता. त्या दिवशी त्याच्याकडं बघायचंही शेखरला धैर्य झालं नाही.

रेघ पुन्हा सलग झाली तेव्हा त्यानं फाइल परत काढून बघितली. वापरात आहे. तो तसाच निघून आला.

शेठला त्यानं सांगितलं, मशीन म्हातारं झालंय, बदला. खोटं नव्हतं ते. शेठनं नवा कॉम्प्युटर घ्यायला सांगितला. शेखरनं दुकानात बसून स्वतःच्या हातानं तो तयार केला. काट्याचा प्रोग्राम टाकला, पण रनटाइमची फाइल मुद्दाम टाकली नाही. म्हटलं, जागेवर गेल्यावर टाकू, आपल्या डोळ्यांसमोर.

तो दिवस बाजाराचा होता, रस्त्याला माणसं होती, म्हणून शेखरला बरं वाटलं. जगनचा ट्रक नुकताच जाऊन गेला होता. जुनं मशीन त्यानं उचलून भिंतीशी ठेवलं. वायर काढलेली. नवं जोडलं, चालू केलं, पेनड्राइव्ह लावला, फाइल त्या फोल्डरमध्ये टाकायला गेला...

या नावाची फाइल इथं आधीच आहे.

शेखरनं चौकट पुन्हा वाचली. त्यानं टाकली नव्हती. शपथेवर सांगतो, टाकली नव्हती. ती बदलायला म्हणून बटण दाबलं.

ही फाइल वापरात आहे.

आणि प्रोग्राम न उघडताच बाहेरचा बोर्ड लागला.

साठ.

"सुनिल," शेखर हळू म्हणाला, "हे बघ."

पण सुनिल बोर्डाकडं बघत नव्हता. रस्त्याकडं बघत होता. एक बाई आणि एक पुरुष चालत येत होते. बाई हडकुळी, डोक्यावरचा पदर दातात धरलेला. तिच्या मागं तिचा भाऊ. बुधू त्याचं नाव, हे शेखरला नंतर कळलं. बाई म्हणजे लहानी. बारकीची थोरली बहीण.

ती खिडकीशी येऊन उभी राहिली.

"दादा, आमची बारकी हितंच उतरली ना?"

"नाय," सुनिल म्हणाला. "पोलिसांना पण सांगितला मी. इथं कोणी नाय उतरला."

"पाणी मागाया आली असंल."

"नाय आली."

लहानीनं केबिनमध्ये नजर टाकली. कोपऱ्यातल्या माठावर ती जरा थांबली. मग वळली आणि प्लॅटफॉर्मकडं गेली. ट्रक जिथं उभा राहतो तिथं, बरोब्बर मधोमध जाऊन उभी राहिली.

शेखरनं बोर्डाकडं बघितलं.

एकशे दहा.

लहानी जेमतेम पन्नास किलोची असेल. ती एकटी उभी होती. बुधू खाली, रस्त्यावर होता.

तिला आकडा वाचता येत नव्हता, आणि ती बोर्डाकडं बघतही नव्हती. तिनं मान किंचित बाजूला केली होती. कोणी कानाशी बोलत असलं की आपण करतो तशी. बराच वेळ. मग तिनं पदरानं तोंड पुसलं आणि अगदी घरातल्यासारखं म्हणाली,

"चल गो. घरी चल."

ती रस्त्याच्या बाजूनं उतरली.

ठण्ण.

शेखर सांगतो, त्या एका आवाजानंतर तो कान देऊन राहिला...

ठण्ण.

दुसऱ्यांदा.

बोर्डावर शून्य.

लहानी चालू लागली. मागं वळून बघितलं नाही. बुधू तिच्या शेजारून निघाला होता. तिनं त्याला हातानं पलीकडं सारलं, मध्ये जागा ठेवून. तो काही न विचारता पलीकडून चालायला लागला.

ती दोघं, त्या जागेसकट, वळणाआड गेली.

शेखरनं फाइल निवडली. डिलीट दाबलं. गेली. एका झटक्यात, कसलीही चौकट न येता. पेनड्राइव्हवरची ताजी फाइल टाकली, प्रोग्राम उघडला, बोर्डावर शून्य आलं. त्या दिवसापासून आजपर्यंत त्या काट्यावर कसलीही तक्रार नाही. जगनचा ट्रकही जातो-येतो.

इथं गोष्ट संपली असती तर शेखर शटर बघायला उठला नसता.

त्या दुपारी परत निघण्याआधी त्यानं सुनिलला विचारलं, "फाइल तू काढत होतास ना?"

सुनिलनं भिंतीशी ठेवलेल्या जुन्या मशीनकडं बघितलं.

"आकडा दिसायचा रे," तो म्हणाला. "गाडी गेली का आकडा. फाइल काढली का बोर्ड बंद व्हायचा. मग दिसायचा नाय. नंतर नंतर फाइल निघेनाशी झाली."

"आधीच का नाही सांगितलंस?"

"काय सांगू?"

"साठ किलो बघून तुला भीती का वाटली? माझ्या डोक्यात पहिल्यांदा उंदीर आला, चिखल आला. तुझ्या डोक्यात तीच बाई का आली?"

सुनिल उठला आणि माठातलं पाणी बाहेर ओतायला लागला. सगळं. माठ पालथा घालून ठेवला.

"मी तिला उतरताना नाय बघितली," तो म्हणाला.

शेखरनं पुढं विचारलं नाही. मी त्याला म्हटलं, विचारायचं होतंस. तो म्हणाला, "विचारलं असतं आणि त्यानं सांगितलं असतं, तर?"

बघा ना तुम्हीच. ती खरंच काट्यावर उतरली असेल, तर जगन खरं बोलत होता. आणि जगन खरं बोलत होता, तर...

महिन्याभरात सुनिलनं नोकरी सोडली. सध्या खर्डीला घरीच असतो. त्याची बायको अनिता शेखरला दोन-तीनदा फोन करून म्हणाली, "भावजी, तुमी येत का नाय आता? हे सारखे दार लावून बसतात." शेखर कामाचं निमित्त सांगतो. पोलिसांकडं गेला का, असं तुम्ही विचाराल. काय सांगणार होता तो? बोर्डावर साठ आला म्हणून? लहानपणापासून ज्याच्या डब्यातलं खाल्लं त्याच्यावर, एका आकड्यावरून?

बारकीचा पत्ता आजही लागलेला नाही.

उन्हाळ्यात शेखर कामाला खर्डीला गेला होता. स्टेशनबाहेर लहानी करवंदं विकायला बसलेली दिसली. तिनंच ओळखलं. "तुमी काट्यावरचं मशीनवाले."

त्यानं करवंदं मागितली. मग राहवलं नाही. "बारकी..." एवढंच म्हणाला.

"हाय घरी," लहानी म्हणाली. करवंदं द्रोणात भरत, मान वर न करता. "रातची पोराच्या उशाशी बसते. दिवसाची दारात. बोलत नाय काय. पोरगा आता बरा हाय."

शेखरनं पैसे पुढं केले.

"तो काट्यावर बसायचा तो," लहानीनं विचारलं, "तो कंच्या गावचा?"

उंबरमाळीच्या खालचंच स्टेशन खर्डी. ती दोघं होती तिथून सुनिलचं घर हाकेच्या अंतरावर होतं. कौलं दिसत होती.

"माहीत नाही," शेखर म्हणाला.

लहानीनं द्रोण त्याच्या हातात दिला. खूप वेळ त्याच्या तोंडाकडं बघत राहिली.

"ऱ्हाऊ दे," ती म्हणाली. "मी नाय विचारत. ती विचारत होती."